पेजेनंतर काय? केडगावच्या मुक्ती मिशनचा प्रकरण अभ्यास, १८९६ ते १९००

१८९७ च्या सुरुवातीला पंडिता रमाबाईंपुढे जो पेच उभा राहिला, तो मी दरवर्षी समाजकार्याच्या विद्यार्थ्यांपुढे ठेवते. नाव न सांगता ठेवते, कारण नाव कानावर पडलं की वर्गात दोन तट पडतात आणि विचार तिथेच थांबतो. पेच असा: तुम्ही पुण्यात विधवा मुलींची एक लहानशी निवासी शाळा चालवता. खर्च परदेशातली एक समिती उचलते, आणि तिने दिलेला दहा वर्षांचा शब्द पुढच्या वर्षी संपतो आहे. शहरातल्या मान्यवरांनी तुमची साथ सोडून चार वर्षं होत आली. शहरात प्लेग शिरला आहे. आणि तिकडे, रेल्वेने दोन-तीन दिवसांच्या वाटेवर, दुष्काळ पडला आहे. मुली रस्त्याच्या कडेला मरत आहेत, त्यांचे सौदे होत आहेत. जायचं का? गेलात तर किती जणींना आणायचं? आणलंत तर ठेवणार कुठे?

बहुतेक मुलं म्हणतात, पैसे पाठवावेत. काही म्हणतात, झेपतील तेवढ्या पाच-दहा आणाव्यात. एखादी मुलगी म्हणते, आधी जागा बघावी. मग मी सांगते की हा पेच जिच्यापुढे होता तिने तीनशेचा आकडा ठरवला. तेव्हा वर्ग गप्प होतो. पुढे जे लिहिलं आहे, ते त्या आकड्याबद्दल आणि तो निभावण्यासाठी काय काय करावं लागलं त्याबद्दल आहे.

आधी थोडी मागची हकिकत

शारदा सदन ११ मार्च १८८९ रोजी मुंबईत सुरू झालं आणि पुढच्याच वर्षी पुण्यात आलं. रमाबाईंचा बाप्तिस्मा त्याआधीच, १८८३ मध्ये, इंग्लंडमधल्या वाँटेजला झाला होता. पुढे त्या अमेरिकेत गेल्या, गावोगाव व्याख्यानं दिली आणि त्यातून १८८७ मध्ये बॉस्टनला रमाबाई असोसिएशन उभी राहिली. करार स्पष्ट होता: उच्चवर्णीय बालविधवांना शिक्षण द्यायचं, पण धर्म शिकवायचा नाही. सदनातला स्वयंपाक जातीच्या नियमांप्रमाणे होत असे. सदनाची पहिली विधवा विद्यार्थिनी गोदूबाई. पुढे धोंडो केशव कर्व्यांशी लग्न होऊन आनंदीबाई कर्वे म्हणून महाराष्ट्राने जिला ओळखलं, ती हीच.

करार कागदावर सोपा होता. घरात पाळायला अवघड गेला. रमाबाई सकाळी आपल्या खोलीत प्रार्थना करत, दार उघडं असे, आणि मुली येऊन बसत. दार लावून घ्यावं की उघडं ठेवावं, एवढ्या एका गोष्टीवरून पुण्यात रण माजलं. 'केसरी'ने सदनावर टीकेची झोड उठवली. १८९३ मध्ये रानडे आणि भांडारकर यांच्यासारखे सल्लागार बाजूला झाले आणि पालकांनी कित्येक मुली काढून नेल्या. हे लक्षात ठेवा, कारण पुढे याच मुद्द्याकडे परत यायचं आहे: शारदा सदनातून मुलीला घरी नेता येत होतं. तिला घर होतं.

या फाटाफुटीनंतर रमाबाईंनी एक शहाणपणाची गोष्ट केली. पुण्याहून पन्नासेक किलोमीटरवर, दौंडच्या अलीकडे केडगाव स्टेशनजवळ, सुमारे शंभर एकर जमीन घेतली. फळबाग लावायची, तिच्या उत्पन्नावर सदन चालवायचं, म्हणजे अमेरिकेचा शब्द संपला तरी चूल विझणार नाही, असा हिशेब होता. आज तो भाग उसाचा आणि कॅनॉलचा वाटतो. तेव्हा तो पर्जन्यछायेतला उघडा माळ होता. झाडं लावली, विहिरी खोदल्या. दुष्काळाचा विचारही तेव्हा कुणाच्या मनात नव्हता.

भूक जिने पाहिली होती

१८९६ चा पाऊस गेला. बुंदेलखंड, संयुक्त प्रांत, मध्य प्रांत, बिहार, शिवाय मुंबई आणि मद्रास इलाख्यांचे काही भाग दुष्काळात सापडले. सरकारजवळ १८८० च्या दशकात तयार झालेली दुष्काळ संहिता होती. तिच्याप्रमाणे कामं निघाली: खडी फोडा, मुरूम टाका, त्याबदल्यात पोटापुरती मजुरी घ्या. ज्यांना कामच होत नाही त्यांच्यासाठी सरकारी निराश्रितगृहं उघडली. कागदावर सोय चांगली होती. पण ज्या मुलीचे आईबाप वाटेतच गेले आणि जिच्यात उभं राहण्याची ताकद नाही, ती खडी फोडायला जाणार कशी? निराश्रितगृहात गेली तर तिथला मुकादम तिच्याकडे कोणत्या नजरेने बघणार? रमाबाई मध्य प्रांतात फिरल्या आणि जे दिसलं ते त्यांनी लिहून काढलं. छावण्यांच्या आसपास मुली उचलणारी माणसं घिरट्या घालत होती, आणि निराश्रितगृहांच्या कारभाऱ्यांवर भरवसा ठेवावा अशी स्थिती नव्हती.

हे त्यांना इतक्या लवकर दिसलं, कारण ते त्यांना नवीन नव्हतं. त्यांचे वडील अनंतशास्त्री डोंगरे कीर्तन-पुराणावर जगणारे. देवळात बसायचं, भागवत सांगायचं, दक्षिणेवर गुजराण करायची. बायकोला आणि मुलींना त्यांनी संस्कृत शिकवलं, म्हणून सनातन्यांचा रोष ओढवून घेतला, आणि आयुष्य तीर्थाटनात गेलं. १८७० च्या दशकात दक्षिणेत दुष्काळ पडला तेव्हा या घरात श्लोक हजारो होते, पण हातात एकही धंदा नव्हता. मजुरीची सवय नाही, भीक मागायची लाज. भांडीकुंडी विकून झाली. रमाबाईंनी स्वतः लिहिलं आहे की एका रानात त्यांनी अकरा दिवस पाणी, झाडपाला आणि मूठभर रानखजूर यांवर काढले. वडील गेले, मागोमाग आई गेली, मग मोठी बहीण. आईला पोचवायला माणसं मिळेनात. जेमतेम दोन ब्राह्मण तयार झाले, तिसरा भाऊ, आणि चौथा खांदा रमाबाईंचा. उंची कमी, म्हणून तिरडी खांद्यावर घेता येईना. त्यांनी ती डोक्यावर घेतली.

हा प्रसंग मी वर्गात वाचून दाखवते तेव्हा मुली रडतात. मी त्यांना सांगते, रडा, पण त्यातला धंदा नसल्याचा मुद्दा सोडू नका. माझ्या मते मुक्ती मिशनची, म्हणजे पुढे केडगावात दुष्काळी मुलींसाठी उभ्या राहिलेल्या संस्थेची, सगळी रचना त्या एका आठवणीतून निघाली आहे. विद्वान घर उपाशी मेलं, कारण हातांना काम शिकवलेलं नव्हतं. पुढे केडगावात आलेल्या प्रत्येक मुलीला अक्षरओळख आणि हातचं एखादं काम, दोन्ही देण्याचा त्यांचा आग्रह त्यातूनच आला असला पाहिजे.

तीनशे ठरलं, पण पुण्यात नाही

त्या टप्प्याटप्प्याने मुली आणू लागल्या. रेल्वेच्या डब्यातून, घोंगड्यांत गुंडाळून. आणि पुण्यात पोचल्यावर समोर प्लेग उभा.

मुंबईत प्लेग १८९६ च्या सप्टेंबरात दिसला आणि त्या हिवाळ्यात पुण्यात आला. फेब्रुवारी १८९७ मध्ये साथीच्या रोगांचा कायदा झाला आणि पुण्याचा कारभार रँडच्या समितीकडे गेला. घरोघर तपासणी, गोरे शिपाई, विलगीकरणाच्या छावण्या. मराठी वाचकाला हा इतिहास शाळेपासून ठाऊक आहे, आणि २२ जूनच्या रात्री गणेशखिंडीच्या रस्त्यावर काय झालं तेही. पण त्या बंदोबस्ताची एक बाजू क्वचित सांगितली जाते. शहरात गर्दी वाढू नये म्हणून सदनात नव्या मुली ठेवायला मनाई झाली. आरोग्याच्या दृष्टीने हुकूम चुकीचा म्हणता येणार नाही. पण ज्या मुली परवापर्यंत झाडपाला खात होत्या, त्यांना परत कुठे पाठवणार?

केडगावची जमीन इथे उपयोगी पडली. फळबागेसाठी घेतलेल्या माळावर तंबू ठोकले, गवताच्या झोपड्या घातल्या आणि मुली तिकडे हलवल्या. मदतकार्याचा अभ्यास करणाऱ्याने इथे थांबून विचार करावा. संकट आल्यावर जागा शोधायला निघणाऱ्या संस्था मी पुष्कळ पाहिल्या आहेत. १९९३ च्या भूकंपानंतर मी किल्लारीच्या बाजूला काही महिने काम केलं. पहिल्या पंधरवड्यात ट्रकच्या ट्रक जुने कपडे उतरले. रेशमी साड्या, कोट, टाय, लहान मुलांचे फाटके बूट. ते ढीग पावसात भिजत पडले आणि त्याच वेळी बायका आडोशाला जागा नाही म्हणून अंधार पडायची वाट बघत बसायच्या. मदत होती, तिला ठेवायला ठिकाण नव्हतं. रमाबाईंजवळ ठिकाण होतं, तिथे पाणी होतं, आणि ते संकटाच्या आधीपासून होतं. यात नशिबाचा भाग आहे, हे कबूल करायला हवं. दुष्काळ येणार म्हणून जमीन घेतलेली नव्हती. पण दुसऱ्याच्या शब्दावर कायम विसंबून राहायचं नाही या विचाराने ती घेतलेली होती, आणि तो विचार नशिबाचा नव्हता.

प्लेगच्याच संदर्भात आणखी एक गोष्ट. प्लेगच्या इस्पितळात आणि छावणीत तरुण बायका सुरक्षित नाहीत, आणि आपल्या सदनातल्या एका मुलीच्या बाबतीत ते घडलं, असं रमाबाईंनी १८९७ च्या मे महिन्यात 'बॉम्बे गार्डियन' या ख्रिस्ती पत्रात लिहिलं. प्रकरण थेट ब्रिटिश पार्लमेंटात निघालं. गव्हर्नर लॉर्ड सँडहर्स्ट यांच्या सरकारने आरोप फेटाळले. मिशन म्हणजे सरकारची सावली, असं आपण सहज म्हणून जातो. इथे एक ख्रिस्ती बाई, जिची संस्था सरकारी परवानगीवाचून एक मुलगीही हलवू शकत नव्हती, ती छापून उघड सांगत होती की तुमच्या इस्पितळात आमच्या मुली सुरक्षित नाहीत. ज्यांच्या वतीने बोलायचं त्यांच्यासाठी परवानगी देणाऱ्याचा रोष पत्करायचा, हे मदतसंस्थेला किती जड जातं ते या क्षेत्रात काम केलेल्यांना विचारा.

पेज

आता केडगावचे पहिले महिने. या भागावर कागदपत्रांत सगळ्यात कमी लिहिलं जातं, आणि मला तो सगळ्यात महत्त्वाचा वाटतो.

महिनोन्महिने उपाशी राहिलेल्या पोराला भाकरी हवी असते. ती दिली तर ते पोर जगेलच असं नाही. आतडी आवळलेली असतात. भरपेट जेवणाने हगवण लागते आणि दोन दिवसांत सगळं संपतं. म्हणून पेज. तांदळाची, पातळ, मिठाची कणी घातलेली, थोडी थोडी, पण दिवसातून पुष्कळदा. जिने ही पेज पाजायची तिला मुलीच्या हातातून वाडगं ओढून घ्यावं लागतं, कारण मुलगी थांबत नाही. आईच्या वयाच्या बाईने उपाशी लेकराच्या तोंडचं काढून घ्यायचं. हे मी स्वतः कुपोषणाच्या वॉर्डात केलं आहे, आणि त्या पोरीची माझ्याकडे बघणारी नजर अजून विसरले नाही. केडगावात तीनशेच्या जवळपास मुलींच्या बाबतीत हे रोज करावं लागलं असेल. शिवाय अंगावर खरूज, तोंड आलेलं, केसांत उवांची जाळी. केस कापून टाकावे लागतात, आणि केस कापणं म्हणजे विधवा करणं असं जिच्या मनात बसलेलं आहे तिला ते समजावून सांगावं लागतं. इतकं करूनही बऱ्याच मुली गेल्या.

दुसरं, चोरी. भुकेतून आलेली मुलगी अन्न लपवते. उशाखाली, मातीत पुरून, पदराच्या गाठीत. ती खोटं बोलते, मारामारी करते, जेवणाच्या रांगेत लहानीला ढकलते. बाहेरून आलेल्या भल्या माणसांना याचा धक्का बसतो. त्यांना कृतज्ञ मुली हव्या असतात. रमाबाई दुष्काळातून आलेल्या मुलींबद्दल लिहितात तेव्हा त्यांचं वागणं झाकत नाहीत. मला त्यांचा आदर वाटतो तो इथे. त्यांना ठाऊक होतं की भूक माणसाला आधी पशू करते, आणि तिथून त्याला परत यायला वेळ लागतो.

मनुष्यबळाचा प्रश्न त्यांनी ज्या पद्धतीने सोडवला, ती आजच्या संस्थांनी पाहण्यासारखी आहे. शारदा सदनात शिकलेल्या तरुण विधवा या मुलींच्या शिक्षिका आणि सांभाळणाऱ्या झाल्या. म्हणजे ज्यांना समाजाने अशुभ म्हणून घराच्या कोपऱ्यात बसवलं होतं, त्यांच्या हाती आता वीस-पंचवीस मुलींचं घर. आणि जातीचं काय झालं? शारदा सदनात जातीप्रमाणे चूल होती. दुष्काळाने आणलेल्या मुली सगळ्या जातींच्या होत्या, काहींची जात कुणालाच ठाऊक नव्हती. केडगावात एकच पंगत झाली. ब्राह्मण विधवा कुठल्यातरी खेड्यातल्या अनाम मुलीचं डोकं धूत बसली. दुष्काळ नसता तर रमाबाईंची संस्था उच्चवर्णीयांपुरतीच राहिली असती का? मला वाटतं, बराच काळ राहिली असती.

हाताला काम

१८९८ मध्ये अमेरिकेचा दहा वर्षांचा शब्द संपला. नवी समिती झाली, पण तिचा संबंध शारदा सदनाशी. केडगावच्या दुष्काळी मुलींसाठी उभी राहिलेली संस्था वेगळी राहिली, उघडपणे ख्रिस्ती, आणि तिचं नाव मुक्ती. तिला ठरावीक देणगीदार नव्हता. इंग्लंड, अमेरिका, ऑस्ट्रेलियातून येणाऱ्या लहानमोठ्या रकमा आणि मुलींचे हात, एवढंच भांडवल.

मुलींनी शेत केलं. गाईम्हशी सांभाळल्या, दूध काढलं. तेलाचा घाणा चालवला, मागावर कापड विणलं, शिवण-टिपण केलं, धुणं धुतलं, पाव भाजला. भांड्यांना कल्हई लावली. या शेवटच्या कामापाशी मी थोडी रेंगाळते. शेकडो माणसांचा स्वयंपाक तांब्या-पितळेच्या भांड्यांत होत असे, आणि कल्हई उडाली की अन्न कळकतं, पोटं बिघडतात. कल्हईवाला हा बाहेरचा पुरुष, भाता घेऊन गावोगाव फिरणारा. हे काम मुलींनी उचललं: भांडं तापवायचं, नवसागराची चिमूट टाकायची, धूर उठला की कथिलाची कांडी फिरवायची आणि कापसाच्या बोळ्याने ते चकाचक पसरायचं. भांड्याचा तळ आरशासारखा होतो. बायकांचं काम म्हणून आपण चार गोष्टींची यादी पाठ केलेली आहे. केडगावने गरज पाहून ती यादी लांबवत नेली. आजही बचत गटाच्या बाईला पापड-लोणच्यापलीकडे काही सुचवलं की अधिकारी बिचकतात.

धर्म

ज्या प्रश्नावर वर्गात आवाज चढतात तो आता घेते.

१८९७ संपता संपता दुष्काळात आलेल्या मुलींचे बाप्तिस्मे मोठ्या संख्येने झाले. मुक्ती ख्रिस्ती होती, तिने ते लपवलं नाही, आणि रमाबाईंच्या दृष्टीने शरीर वाचवणं आणि आत्मा वाचवणं ही दोन कामं नव्हती. 'मुक्ती' हा शब्द त्यांनी आपल्याच परंपरेतून उचलला आणि त्याला नवा अर्थ दिला. त्यांचा प्रामाणिकपणा मी मानते. भुकेचा फायदा घेऊन संख्या वाढवायची असा हिशेब त्यांच्या लेखनात मला सापडत नाही. त्यांना जे सर्वांत मौल्यवान वाटलं ते त्या मुलींना देत होत्या.

आणि तरीही. आठ वर्षांची मुलगी, आईबाप मेलेले, गाव कुठल्या दिशेला तेही ठाऊक नाही, ज्या हाताने पेज पाजली त्याच हाताने प्रार्थनेला नेलं. ती 'नाही' म्हणू शकत होती का? शारदा सदनातल्या मुलीचे पालक १८९३ मध्ये येऊन तिला घेऊन गेले. केडगावच्या मुलीसाठी कुणी येणार नव्हतं. उपकार करणाऱ्याची नियत चांगली असली म्हणून उपकार घेणाऱ्याची संमती आपोआप तयार होत नाही. माझे काही ख्रिस्ती विद्यार्थी यावर म्हणतात, बाई, मग तिला कुठल्या धर्मात वाढवायचं होतं? ज्या समाजाने तिला रस्त्यावर सोडलं त्याच्या? प्रश्न बिनतोड आहे. मूल कुणीतरी वाढवतं तेव्हा ते कुठल्यातरी देवाच्या, निदान कुठल्यातरी भाषेच्या घरात वाढतं. मध्य प्रांतातल्या मुली हिंदी बोलत आल्या, पुढे गुजराती बोलणाऱ्या आल्या. केडगावने त्या सगळ्यांना मराठी केलं, आणि त्याबद्दल कधी कुणी तक्रार केलेली माझ्या वाचनात नाही.

हा प्रश्न त्या काळातही विचारला गेला, आणि काहींनी कृतीने विचारला. लाला लजपत राय आणि आर्य समाजाने १८९७ मध्ये आणि पुन्हा १८९९–१९०० मध्ये दुष्काळी प्रदेशातली अनाथ मुलं पंजाबात नेली, फिरोजपूरसारख्या ठिकाणच्या अनाथालयांत ठेवली. ही मुलं मिशनऱ्यांच्या हाती जाऊ नयेत हा हेतू त्यांनी उघड सांगितला, आणि दुष्काळ आयोगापुढे साक्षही दिली. मला हे उत्तर आवडतं, कारण त्यात नुसती निंदा नाही, मुलांसाठी ताट मांडलेलं आहे. पुण्यात धोंडो केशव कर्व्यांनी १८९६ मध्ये अनाथ बालिकाश्रम काढला. ज्या शारदा सदनावर गावाने बहिष्कार टाकला, त्याच सदनाची गोदूबाई त्यांची पत्नी होती. केडगावच्या दुष्काळी मुलींसाठी मात्र त्या वर्षी पुण्यातून कुणी दुसरं ताट मांडलं नाही. जोतीराव असते तर काही बोलले असते असं मला नेहमी वाटतं. रमाबाईंच्या धर्मांतरावर गदारोळ झाला तेव्हा 'सत्सार' या आपल्या पुस्तिकेतून जोतीरावांनी रमाबाईंची बाजू घेतली होती. पण ते १८९० मध्येच गेले होते.

मुलांना यावर मी एकच कसोटी सुचवते, आणि तीही पुरी नाही हे सांगून: बाहेर पडायचं दार होतं का, आणि बाहेर पडणाऱ्या मुलीच्या हातात काय होतं? केडगावातून कित्येक मुली शिक्षिका, परिचारिका, बायबल-वाचिका होऊन बाहेर पडल्या, कित्येकींनी संसार थाटले. हातात अक्षर होतं, काम होतं. दार मात्र बहुतेक वेळा ख्रिस्ती समाजातच उघडत होतं. बाहेरचा समाज त्यांना परत घेत नव्हता. यात दोष कुणाकडे किती, हे वाटून देणं मला आजवर जमलेलं नाही.

छप्पनचा दुष्काळ

१८९९ चा पाऊसही गेला. विक्रम संवत १९५६, म्हणून गुजरातेत आणि मारवाडात त्याला छप्पनियो म्हणतात. माणसांबरोबर गुरं गेली, चारा गेला, पाणी गेलं. या वेळी मदतीचा ओघ मोठा होता. न्यूयॉर्कच्या 'ख्रिश्चन हेराल्ड' पत्राने निधी जमवला, क्विटो नावाच्या जहाजाने अमेरिकेतून मका आला. अहमदनगरच्या अमेरिकन मराठी मिशनचे रॉबर्ट ह्यूम त्या मदतीच्या वाटपात पुढे होते. नगर जिल्ह्यातल्या कितीतरी ख्रिस्ती घराण्यांच्या आठवणी या दुष्काळापाशी सुरू होतात.

केडगावात काय बदललं होतं ते इथे दिसतं. १८९७ मध्ये रमाबाई स्वतः मुली शोधायला गेल्या होत्या. १९०० मध्ये त्यांनी आपल्या तयार झालेल्या बायकांना गुजरातेत पाठवलं. उपाशी मुलगी कोण आणि तिला पळवून नेणारी माणसं कोण, हे ओळखणारी नजर आता एकट्या रमाबाईंची राहिली नव्हती. मुक्तीची वस्ती वाढत सुमारे एकोणीसशेवर गेली. तीन वर्षांपूर्वी तंबू होते तिथे आता दगडी इमारती, प्रार्थनामंदिर, शाळा. आसपासच्या विहिरी आटल्या होत्या आणि एकोणीसशे माणसं, गुरं आणि बांधकाम, सगळ्यांचं पाणी त्याच माळावरच्या विहिरींतून काढायचं होतं. नव्या विभागांचीही गरज पडली. दुष्काळात नासवल्या गेलेल्या बायकांसाठी कृपा सदन निघालं. त्या काळी आपल्याकडे अशा बाईला घरात घेणं दूरच, तिचं नावही कुणी काढत नसे. दृष्टिहीन मुलींना रमाबाईंच्या कन्या मनोरमाबाई ब्रेल शिकवू लागल्या.

छापखाना

केडगावच्या छापखान्यात मुली खिळे, म्हणजे छपाईची सुटी अक्षरं, जुळवत. डाव्या हातात स्टिक, समोर खण पाडलेली पेटी, आणि देवनागरीचे खण रोमनपेक्षा किती जास्त ते कंपोझिटरलाच ठाऊक: काने, मात्रा, वेलांट्या, जोडाक्षरं, प्रत्येकाचा खिळा वेगळा. ओळ उलटी वाचायची, उलटी जुळवायची, फर्म्यात आवळायची.

रमाबाईंनी शेवटच्या वर्षांत हिब्रू आणि ग्रीकवरून बायबलचं मराठी भाषांतर केलं, साध्या बायकांना कळेल अशा मराठीत. बांधणीपर्यंतचं बरंचसं काम संस्थेतल्या बायकांनीच केलं. मनोरमाबाई जुलै १९२१ मध्ये गेल्या, रमाबाई ५ एप्रिल १९२२ रोजी, आणि संपूर्ण बायबल १९२४ मध्ये बाहेर पडलं.

मुक्ती मिशन आजही केडगावात आहे. मी विद्यार्थ्यांना तिथे नेते तेव्हा हे बायबल उघडून दाखवते. एक गट त्याच्या अक्षरांकडे बघतो आणि म्हणतो, निरक्षर आलेल्या मुलींनी हे जुळवलं. दुसरा गट मजकुराकडे बघतो आणि म्हणतो, त्यांच्याकडून हेच जुळवून घेतलं. दोघांचं बोट एकाच पानावर असतं. परतीच्या गाडीत, दौंड-पुणे लोकलमध्ये, तो वाद हडपसर येईपर्यंत चालू राहतो, आणि मी मध्ये पडत नाही.